मलमलचं टोक

"सोड ते! सोड म्हटलं ना! घामाचा वास लागला आता त्याला. हा माल कोण खाणार?"

वाडीच्या मालकीणबाई आयच्या डोक्यावरून कापड ओढत होत्या. आय सोडत नव्हती असं नाही. तिला कळलंच नव्हतं काय झालं ते. ऊन डोक्यात गेलं होतं, डोळे मिटले होते, आणि मलमलचं एक टोक तिनं कधी डोक्यावर ओढून घेतलं ते तिचं तिलाही आठवत नव्हतं. बाईंनी हिसका दिला तशी ती दचकून उभी राहिली.

मी तिथंच बसले होते. लहान होते. अंगात ताप होता म्हणून आयनं मला पाड्यावर एकटं न ठेवता सोबत आणलं होतं. तिची डोक्याची फडकी माझ्या डोक्याला बांधलेली. म्हणजे तिचं डोकं उघडं का होतं, याचं उत्तर माझ्या डोक्यावर होतं. ते बाईंना दिसत होतं. तरी त्या म्हणाल्या, "धुऊन आण. साबण लाव, दोनदा लाव. आणि वाळेपर्यंत हातात धरून उभी राहा. खाली टेकवायचं नाही."

आयनं कापड धुतलं. मग दोन्ही हात वर करून, ते कापड पसरून धरून, भर दुपारी सिमेंटच्या खळ्यात उभी राहिली. कापडाची सावली पडली होती, पण ती तिच्या पाठीमागं. तोंड उन्हाकडे. बाकीच्या बायका खाली मान घालून बसल्या होत्या. मला वाटलं आता आय रडेल. ती रडली नाही. तिनं फक्त डोळे बारीक केले. तसे बारीक केलेले डोळे मी पुढं जन्मभर पाहिले.

आम्ही तलासरीकडचे. वारली. डोंगरालगतच्या पाड्यावरून टेम्पो आम्हाला सकाळी बोर्डीला आणायचा. किनाऱ्याला चिकूच्या वाड्या, नारळ, मागं समुद्र. लोक तिथं हवा खायला येतात. आम्ही त्याच हवेत चिकू वाळवायला यायचो. हिवाळा सरला की काम सुरू व्हायचं ते पाऊस तोंडावर येईपर्यंत. आत शेडमध्ये पिकलेले चिकू सोलायचे, फोडी करायच्या, ट्रेमध्ये पसरायच्या आणि ट्रे बाहेर खळ्यात मांडायचे. सकाळचं ऊन फोडींना चांगलं. दुपारचं वाईट. बारानंतर उघड्या राहिल्या तर फोडी काळ्या पडतात, आणि काळ्या फोडीला शहरात भाव नाही. म्हणून बारा वाजता त्यांच्यावर मलमलचं पांढरं कापड घालायचं.

पण आमच्याकडं दुपारी समुद्राचा वारा सुटतो. कापड उडतं. दगड ठेवले तर मलमल फाटते. खुंट्या ठोकाव्यात तर खळं सिमेंटचं, नवीन केलेलं, त्याला भोकं पाडायची बाईंची तयारी नव्हती. म्हणून कापडाच्या चारी टोकांना नाड्या शिवलेल्या होत्या, आणि एकेक नाडी धरायला एकेक बाई. बारापासून ऊन उतरेपर्यंत. कापड ताणून धरायचं, फोडींना चिकटू द्यायचं नाही. छत्री? छत्रीला हात कुठून आणणार? वर छप्पर घातलं तर सकाळचं ऊन अडतं, फोडी वाळत नाहीत. तेही नाही.

म्हणजे दुपारी त्या खळ्यात सावली असायची. चिकूंना असायची. आम्ही ती धरून बसायचो.

डोक्यावर फडकी असली तरी तोंड उघडंच. आणि सिमेंटवर बसणाऱ्याला माहीत आहे, ऊन वरून येतं त्याच्या दुप्पट खालून येतं. हनुवटीखाली, नाकपुड्यांत, पापण्यांच्या आत.

त्या संध्याकाळी टेम्पोत मी आयला विचारलं, "तुना भाजलं नाय?"

ती म्हणाली, "आपली कातडी उन्हाचीच हाय बाय. आपल्याला नाय लागत."

हे वाक्य बाईंचं. त्या ते सगळ्यांना सांगायच्या. पाहुण्यांना, व्यापाऱ्यांना, आम्हालाही. "यांची कातडीच उन्हाची. जाड असते. आपण बसून बघा बरं दहा मिनिटं!" असं म्हणून हसायच्या. वाईट मनाच्या होत्या असं कोणी म्हणणार नाही. सणाला गोडधोड द्यायच्या, आजारपणात गोळ्या द्यायच्या. पण ते एक वाक्य त्यांनी इतक्या वेळा म्हटलं की ते आयच्या तोंडात जाऊन बसलं. माझ्याही बसलं. आश्रमशाळेत असताना बाकीच्या पोरी उन्हात नको म्हणायच्या तेव्हा मी मुद्दाम उन्हात उभी राहायचे. मला त्याचा अभिमान वाटायचा.

दहावीला मी नापास झाले आणि खळ्यात आले. आयच्या समोरचं टोक मला मिळालं. मध्ये कापड, कापडाखाली फोडी, पलीकडे आय. रोज दुपारभर मी तिचं तोंड बघत बसायचे. दुसरं बघायला होतंच काय?

तिचं वय तेव्हा बाईंपेक्षा कमी होतं. पण दोघी शेजारी उभ्या राहिल्या तर आय त्यांची सासू वाटायची. कपाळ काळंभोर. मानेमागं कातडी चामड्यासारखी झालेली, तिच्यात चौकड्या पडलेल्या, सुकत्या तळ्यातल्या चिखलाला पडतात तशा. हातांवर कुठं काळे, कुठं पांढरे ठिपके. खालचा ओठ कायम फुटलेला. हसली की त्यातून रक्त यायचं, म्हणून ती हसणं टाळायची. पाड्यावर लोक आयबद्दल म्हणायचे, रमी तापट झाली, हसत नाही. तिला हसायला दुखत होतं.

त्याच सुमारास बाईंच्या गालांवर वांग आले. हलके तपकिरी डाग, पावडर लावली की दिसायचेही नाहीत. पण घरात सुतक आल्यासारखं झालं. वापीच्या डॉक्टरकडं गेल्या, मग मुंबईच्या. परत आल्या त्या मोठी टोपी घालून. हातमोजे. तोंडाला पांढरं मलम. खळ्याच्या कडेला शेडच्या सावलीत उभ्या राहून त्यांनी आम्हाला सांगितलं, "डॉक्टर म्हणाले, हे सगळं उन्हानं होतं. उन्हात अजिबात पाऊल टाकू नका म्हणाले."

नाडी धरून बसलेली आय मनापासून म्हणाली, "जपा हां बाई. तुमची कातडी नाजूक."

कोणी हसलं नाही. हसण्यासारखं आहे हेही आमच्या लक्षात आलं नाही. आंधळं दळतं नि कुत्रं पीठ खातं म्हणतात. आम्ही तर दळून वर कुत्र्याला म्हणत होतो, सावकाश खा, ठसका लागेल.

मग आयच्या नाकाशेजारी, डोळ्याच्या खाली, एक फोड आला. बारीक. मोत्यासारखा चमकायचा. दुखत नव्हता. खपली धरली, पडली, परत धरली. ती पाला वाटून लावायची. बरं वाटायचं, पुन्हा यायचं. एका पावसाळ्यात आलेलं दुसऱ्या पावसाळ्यापर्यंत गेलं नाही. मधेच खळगा पडला आणि कडा वर आल्या. तलासरीला एका डॉक्टरला दाखवलं. त्यानं लांबूनच पाहिलं. "साबणानं तोंड धूत जा," म्हणाला आणि मलमाची ट्यूब दिली.

आय वर्षानुवर्षं फोडी वाळवत होती, पण त्या वर्षी तिला आत बसायचं काम मिळालं होतं. वय झालं, डोळ्यांपुढं अंधारी येते, म्हणून मीच बाईंना विनवलं होतं, तिला शेडमध्ये सोलायला बसवा, तिच्या टोकाला दुसरी बाई बघा. त्यांनी बसवलं. थोडे दिवस बरे गेले. आय सावलीत बसून सोलायची आणि मला जाळीतून बघायची.

मग एकदा मुंबईची गिऱ्हाइकं आली, शेड बघायला. त्यातल्या एका बाईनं आयच्या तोंडाकडं पाहिलं आणि नाकाला रुमाल लावला. ती गेल्यावर बाई आत आल्या. ओरडल्या नाहीत. हळू बोलल्या. ते मला जास्त लागलं.

"रमी, तू उद्यापासून परत बाहेर बस. असल्या तोंडानं खायच्या वस्तूला हात लावायचा नाही. नाडी धर. नाडीला काय होतंय?"

आयनं मान हलवली. दुसऱ्या दिवशी ती माझ्यासमोर येऊन बसली. उन्हानं दिलेलं दुखणं घेऊन पुन्हा उन्हात. तोंडावर घेऊ का फडकं, असं तिनं विचारलं. बाई म्हणाल्या, "घे ना, तुझं घे. आमचं कापड तेवढं ओढू नको." इतक्या वर्षांनंतरही त्यांना ते टोक आठवत होतं.

तोंडावर फडकं बांधलं की जखमेला चिकटायचं. काढताना खपली निघायची. म्हणून तिनं बांधणं सोडलं.

शेवटी पाड्यावर आरोग्याचं काम बघणाऱ्या आशाताईंनी धरून तिला डहाणूच्या सरकारी दवाखान्यात नेलं, तिथून मुंबईच्या मोठ्या दवाखान्यात. मी सोबत. तिथल्या डॉक्टरबाई तरुण होत्या. हातात दिवा घेऊन त्यांनी आयचं तोंड जवळून पाहिलं. हनुवटी धरून पाहिलं. इतकी माणसं आली-गेली, पण हात लावून बघणाऱ्या पहिल्या त्याच. तुकडा काढला, तपासायला पाठवला. मग म्हणाल्या, "हा कातडीचा कॅन्सर आहे. वर्षानुवर्षांच्या उन्हाचा. मावशी, उन्हात बसताना तोंडावर काही घेत नव्हता का?"

आय माझ्याकडं बघत राहिली. मी काय सांगणार होते? घेतलं होतं, एकदा?

आय म्हणाली, "आमाला नाय होत ते. आमची कातडी उन्हाची."

डॉक्टरबाईंचा हात थांबला. "कोणी सांगितलं?" त्यांनी विचारलं. आयला खरंच आठवत नव्हतं कोणी सांगितलं. तिला ते आपलंच वाटत होतं.

ऑपरेशन झालं. एका बाजूची नाकपुडी गेली. नाक कापलं म्हणजे अब्रू गेली, असं आपल्यात म्हणतात. आयचं नाक खरंच कापलं. ज्यांची अब्रू जायला पाहिजे होती त्यांना तिकडं डासही चावला नाही.

घरी आणल्यावर पट्टीला पाणी लागू द्यायचं नव्हतं. म्हणून मी तिला बसवून अंघोळ घालायचे. पहिल्या दिवशी लुगडं सोडलं आणि पाठीवर पाणी ओतलं, आणि माझा हात थांबला.

तिची पाठ मऊ होती. पोट मऊ होतं. दंडाच्या वर, जिथं कायम चोळी असायची, तिथं कातडी तान्ह्या लेकराची असते तशी. सावळी, तुकतुकीत, एक सुरकुती नाही. मान संपते तिथं रेघ ओढल्यासारखी हद्द होती. वर चामडं, खाली माणूस. मी बोटानं ती हद्द चाचपली. परत चाचपली.

बाईंची पाठ मी पाहिलेली नाही. पण ती याहून वेगळी असेल असं कोणी मला आता सांगावंच.

जाड कातडी घेऊन कोणी जन्मलं नव्हतं. आयला नाजूक कातडी होती. ती पाठीवर तशीच शिल्लक होती. तोंडावरची, मानेवरची, हातांवरची कातडी त्या खळ्यात गेली. फोडी काळ्या पडू नयेत म्हणून गेली. मी तांब्या खाली ठेवला आणि ओरडून रडले. आय म्हणत राहिली, "काय झालं बाय, काय झालं?" काय सांगणार? आय, तुझी पाठ सुंदर आहे म्हणून?

दुखणं परत आलं. डोळ्यात गेलं. उशीर झाला होता, डॉक्टरबाईंनी खरं ते सांगितलं. त्यांनी मलाही सांगितलं, "तुम्हीही तिथंच बसता ना? कातडीवर कुठं खरखरीत काही लागलं, जात नसलं, तर लगेच यायचं. सुरुवातीला बरं होतं. आणि उन्हापासून तोंड वाचवायचं."

भातकापणीच्या दिवसांत आय गेली. शेवटी शेवटी ती झोपेत गोधडीचं टोक मुठीत घट्ट धरायची. ताणून. मी सोडवायला गेले की आणखी घट्ट. "वारा सुटला, धर, धर," म्हणायची. कोणाला म्हणायची? मलाच. मी पलीकडचं टोक धरून बसायचे. मी धरलं की ती शांत व्हायची. गेली तेव्हाही टोक तिच्या मुठीत होतं.

आणि मी पुढच्या हंगामात पुन्हा त्याच खळ्यात गेले. घर चालवायचं होतं. मला तिची जागा मिळाली.

ते दिवस मला नीट सांगता येत नाहीत. बारा वाजता सावली पायाखाली यायची आणि ती माझी वाटायची नाही. नाडी धरलेली मूठ बघितली की ती तिची मूठ दिसायची. समोरच्या टोकाला आता लखमी बसते, माझ्याहून लहान, नवीन लग्न झालेली. उन्हात तिचे डोळे बारीक झाले की मी दुसरीकडं बघायचे. कधी वाऱ्यानं कापड फुगलं की त्याच्या खालून कोणीतरी हळू म्हणायचं, "टोक डोक्यावर घेऊ नको बाय, बाई बघतात." मी इकडेतिकडे बघायचे. लखमी विचारायची, "काय ग ताय?" मी म्हणायचे, काही नाही. भूत नव्हतं ते. भूत असतं तर भगताला बोलावून काढलं असतं. ती भीती होती, आय माझ्यासाठी ठेवून गेलेली.

यंदा माझ्या डाव्या कानशिलावर खरखरीत लागायला लागलं. डोळ्याला दिसत नाही, बोटाला सापडतं. पॉलिश पेपरसारखं. मी रोज चाचपायचे आणि स्वतःला सांगायचे, काही नाही, आपली कातडी उन्हाची. एकदा हे मोठ्यानं तोंडातून बाहेर पडलं आणि आवाज आयचा होता.

त्यानंतर दोनच दिवसांनी बाईंच्या धाकट्या मुलानं पाहुणे आणले. वाडीत आता त्यानं राहायच्या खोल्या काढल्यात, शहरातली माणसं येऊन राहतात. टोप्या, काळे चष्मे. बारा वाजून गेले होते. कापड पसरलेलं, चारी टोकांना आम्ही चौघी. पाहुण्यांबरोबर एक शाळकरी मुलगी होती. तिनं विचारलं, "यांना ऊन नाही लागत?"

बाई शेडच्या सावलीत खुर्चीवर होत्या. म्हाताऱ्या झाल्यात, पण गाल अजून गोरे, डाग नाही. त्या हसून म्हणाल्या, "अगं, यांची कातडीच उन्हाची."

मी उठले.

काही ठरवलं नव्हतं. मी नाडी सोडली नाही, ओढली. लखमीला म्हटलं, "सोड." तिनं सोडली. बाकीच्या दोघींनी सोडली. अख्खं कापड माझ्या हातात आलं. मी ते डोक्यावर घेतलं, तोंडावर घेतलं, खांद्यावरून खाली सोडलं. जन्मात पहिल्यांदा त्या खळ्यात मला सावली मिळाली. मलमलीला चिकूचा गोड वास येत होता. इतका थंडावा त्या कापडाखाली असतो हे मला माहीतच नव्हतं. चिकूंना माहीत होतं.

"अगं ए! वेड लागलं काय? फोडी काळ्या पडतील!" बाई खुर्चीतून उठल्या.

मी म्हटलं, "उन्हात सगळंच काळं पडतं, बाई."

मुलगा पुढं आला. "ताई, असं नका करू. पाहुणे आहेत. कापड द्या इकडं."

"नाही."

"मग धुऊन तरी दे!" बाई ओरडल्या. सवयच ती. "साबण लावून धू आणि..."

"आणि धरून उभी राहू?" मी म्हटलं. "माझी आय राहिली होती. मी नाही राहणार. तुमच्या मुंबईच्या डॉक्टरनं तुम्हाला सांगितलं होतं ना, हे उन्हानं होतं म्हणून? तुम्ही ते आमच्यासमोर उभं राहून सांगितलं. आणि तिला बाहेर बसवलं."

बाईंना आठवलं की नाही, मला माहीत नाही. मी ते बघायला थांबले नाही. लखमीला हाताशी धरून कापडाखाली घेतलं. मग बाकीच्या दोघी आल्या. एका कापडाखाली चौघी, अंगाला अंग लागून. समोर फोडी उघड्या होत्या. ऊन त्यांच्यावर पडत होतं आणि त्या काळ्या होत होत्या. शाळकरी मुलगी तोंडाचा आ करून बघत होती. बघू दे. मीही एकदा तशीच बसून बघितलं होतं.

संध्याकाळी मुलानं निरोप पाठवला, उद्यापासून येऊ नको. लखमी आणि बाकीच्या दोघींना काही म्हटलं नाही, नुसतं मला. फूट पाडायची जुनी रीत.

मी जाणार आहे. उद्या सकाळी पाड्यावरून मी त्याच टेम्पोत बसणार. लखमी म्हणाली, ती आणि बाकीच्या दोघी माझ्यासोबत फाटकात उभ्या राहतील. तिघी आत गेल्या नाहीत तर टोकं कोण धरणार? आमचं म्हणणं एवढंच, खळ्याला भोकं पाडा, खुंट्या ठोका. आमच्यासाठी कडेला सावली करा. तोवर त्या नाड्यांना आमचा हात लागणार नाही. परवा मी मुंबईच्या दवाखान्यात जाणार, कानशिल दाखवायला. तिथं विचारलं, उन्हात तोंडावर काही घेत होता का, तर या वेळी मी गप्प बसणार नाही. कोण घेऊ देत नव्हतं ते नाव घेऊन सांगेन.

ते मलमलचं कापड माझ्याकडं आहे. टेम्पो निघेपर्यंत मुलानं ते मागायला दोनदा माणूस पाठवला. कापडाला घामाचा वास लागलाय. चार बायकांचा. मी ते धुतलेलं नाही. धुणार नाही. आणि परत देणार नाही.